भुयारकाका आणि एक थाप

माझ्या टायपिंग सेंटरला दार नाही, शटर आहे. सकाळी वर केलं की संध्याकाळपर्यंत ते वरच असतं. पांढरकवड्यात तहसीलच्या समोरची जागा, त्यामुळे सातबारावाले, दाखलेवाले, अर्ज लिहून मागणारे असे सगळे थेट आत घुसतात आणि माझ्या खुर्चीच्या पाठीला हात टेकून उभे राहतात. मी खेकसले की अर्धं पाऊल मागं सरतात. इतक्या वर्षांत एकच माणूस पायरीखाली उभा राहून विचारायचा, “येऊ का?”

विचारायचा आणि थांबायचा. मी ‘या’ म्हटल्याशिवाय पाय उचलायचा नाही. एकदा मी फोनवर कोणाशी तरी भांडत होते, आणि भांडायला लागले की मला कशाचं भान राहत नाही. फोन ठेवून पाहते तर काका डोक्यावर रुमाल टाकून, सुपारी चघळत, भर उन्हात तसेच उभे. म्हटलं, अहो काका, आत यायचं ना. तर म्हणाले, तू कोठी या म्हटलं?

काका आता नाहीत. त्यांना जाऊन दुसरं वर्ष लागलं. अजूनही पायरीशी कोणी जरा रेंगाळलं की माझी बोटं कीबोर्डवर थांबतात, आणि मग वाईट वाटतं. पण काकांबद्दल रडक्या सुरात लिहिलेलं त्यांनीच माझ्याकडून खोडून घेतलं असतं, तेव्हा ते एवढ्यावर सोडते.

‘येऊ का’ची सवय त्यांना गुहांनी लावली होती. डोंगरात, नाल्याच्या काठाला, कुठं खडकात भोक दिसलं की त्यात शिरायचं, आत काय आहे ते पाहायचं आणि बाहेर येऊन त्यावर लिहायचं, हा काकांचा नाद. यवतमाळच्या एका दैनिकाच्या रविवार पुरवणीत ते छापून यायचं, आणि त्याआधी माझ्याकडे टाइप व्हायला यायचं. प्रत्येक गुहेच्या तोंडाशी उभं राहून ते आधी विचारत, “येऊ का?” मग सुपारीचं खांड तोंडात टाकत आणि ते चावून संपेपर्यंत थांबत. असं का, म्हणून विचारलं तर दोन कारणं सांगत. परक्याच्या घरी न विचारता जाऊ नये, हे एक. आणि आत साळिंदर, अस्वल नाही तर बिबट असला तर त्यालाही विचार करायला वेळ मिळतो, हे दुसरं. एकदा म्हणे आतून उत्तर आलं होतं. मी विचारलं, मग? म्हणाले, मग काय, घरमालक नाही म्हणते तर आपण निघून आलो. त्या गुहेवर त्यांनी कधीच लिहिलं नाही.

नोकरी त्यांची गुरांच्या दवाखान्यातली. ते डॉक्टर नव्हते, पण गावोगावी सगळे त्यांना डाक्टरच म्हणत. बकऱ्यांना लस टोचत, अडलेल्या गाई सोडवत ते मारेगाव, झरी, वणीकडची सगळी गावं आणि कोलाम आदिवासींच्या वस्त्या, त्यांचे पोड, फिरले होते. गाव आलं की ढोरकी, म्हणजे गुरं वळणारा, आलाच, आणि रानातलं भोक न् भोक ढोरक्याला ठाऊक, कारण त्याची एखादी बकरी कधी ना कधी त्यात गेलेली असते. लोक ढोरक्याला दूध किती निघतं ते विचारतात. काका विचारत, कोठी बकरी हरपली होती का रे? बिचाऱ्याला वाटायचं सरकारी भरपाई आली.

गुहेत शिरणारा माणूस म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढं काटकुळा, चपळ कोणी येतो. काका अंगानं चांगले आडवे होते. शर्टाचं खालचं बटण मी कधी लागलेलं पाहिलं नाही. पण अरुंद फटीतून शिरायची त्यांची एक रीत होती आणि ती त्यांनी गोठ्यातून उचलली होती. आधी दोन्ही हात पुढं, मग हातांवर डोकं, मग खांदे. वासरू असंच बाहेर येते, आपल्याले असंच आत जायचं, असं ते सांगत, आणि सांगता सांगता माझ्या टेबलाखाली शिरून दाखवत. एकदा माझ्याकडे उत्पन्नाच्या दाखल्यासाठी आलेल्या सासू-सुना हे पाहून उठून दुसऱ्या सेंटरला गेल्या.

गाव त्यांना भुयारकाका म्हणायचं आणि त्यांना ते आवडायचं नाही. भुयार माणसानं खोदलेलं असतं, गुहा आपली आपण झालेली असते, माणसानं केलेल्या बोगद्यात मी कायले जाऊ, असा त्यांचा मुद्दा. मुद्दा बरोबर होता. पण चिडवायचं नाव बरोबर आहे की चूक, हे गाव कधी पाहतं? भुयारकाका ते भुयारकाकाच राहिले.

त्यांचा मजकूर लसीकरणाच्या जुन्या पोस्टरांच्या पाठीवर लिहिलेला असायचा. एका बाजूला लाळ-खुरकत रोगाची लक्षणं, दुसऱ्या बाजूला गुहा. कागदांना वटवाघळांचा असा काही वास यायचा की मी उदबत्ती लावून टाइप करायला बसायचे. लिहायचे मात्र छान. कुठलाही लेख गुहेच्या हवेपासून सुरू व्हायचा: आतली हवा ओली होती की कोरडी, आत जाताना ती गालाला लागली की पाठीला. गुहा श्वास घेते, हे त्यांचं लाडकं वाक्य. उन्हाळ्यात थंड श्वास सोडते, हिवाळ्यात उबदार. मला तेव्हा ते नुसतं लिहिण्यापुरतं वाटायचं.

सुरुवातीला मी त्यांचा मजकूर जरा सजवायचे. एकदा त्यांनी ‘आत अंधार होता’ एवढंच लिहिलं होतं, मी ‘भयाण अंधार’ केलं. काकांनी प्रूफ वाचलं. मग म्हणाले, “अंधाराले कायले नावं ठेवतं पोरी? त्यानं तुयं काय बिघडवलं?” मी ‘भयाण’ काढून टाकला. तेव्हापासून दुसऱ्या कोणाच्याही अर्जात ‘भयाण’ आला की मला काका आठवतात, आणि तोही मी काढते.

पण खरी गंमत पुढं आहे.

एका लेखात त्यांनी लिहिलं होतं, गावाच्या पूर्वेचा नाला ओलांडून पुढं गेलं की टेकडी लागते. ते गाव माझ्या मावशीचं. लहानपणी मी त्या नाल्यात खेकडे धरलेत, आणि नाला पश्चिमेला आहे. मी आपलं शहाणपण करून ‘पश्चिमेचा’ केलं. काकांनी प्रूफ पाहिलं, बोट ठेवलं आणि म्हणाले, पूर्वच राहू दे. म्हटलं, काका, चूक आहे. तर इकडं तिकडं पाहून, आवाज बारीक करून म्हणाले, “चूक नाई. थाप हाय.”

मग त्यांनी सांगितलं. अगदी पहिला लेख लिहिला तेव्हा त्यांनी गुहेचा पत्ता देवळापासून झाडापर्यंत खराखुरा दिला होता. लेख छापून आल्यावर काही दिवसांनी हौसेनं पुन्हा गेले, तर गुप्तधनवाले येऊन गेलेले. लिंबं, हळद-कुंकू, काळी बाहुली आणि जागोजागी खड्डे. वटवाघळं धूर करून हाकललेली. एका भिंतीवर ऑइल पेंटनं दोघांची नावं आणि मधे बाण. आणि तोंडाशी कोणी तरी दगडाला शेंदूर फासून पुढं दानपेटी ठेवलेली. काका म्हणाले, त्या दिवशी मी दारात ‘येऊ का’ विचारलं नाई. कोनाले विचारू?

तेव्हापासून त्यांनी नियम केला. प्रत्येक लेखात पत्त्यापुरती एक थाप. डाव्याचं उजवं, पूर्वेचं पश्चिम, वडाचं पिंपळ. बाकी सगळं खरं. आणि एकच. ती भाजीतल्या मिठासारखी असते, हे त्यांचं म्हणणं. नसली तर चव नाही, आणि दोनदा पडली तर कोणी खाणार नाही. एका थापेनं गुहा वाचते, दोन थापांनी लेख मरतो. कुठल्या लेखात कुठली थाप घातली ते त्यांनी कुठंही टिपून ठेवलं नव्हतं. लिहून ठेवली तं ते थाप कायची, असं म्हणायचे.

एवढं सांगून त्यांनी मला शपथ घातली, काकूला सांगजो नको.

काकू म्हणजे त्यांची बायको. अंगानं काकांच्या निम्म्या आणि बोलण्यात दुप्पट. त्यांना खोटं खपत नसे, म्हणजे आपल्याला जितपत खपत नाही तितपत नव्हे. शेजारची पोरं लपंडाव खेळताना त्यांच्या घरात लपायची नाहीत, कारण राज्य असलेलं पोरगं दारात येऊन ‘आजी, इथं कोणी आलं का?’ म्हणालं की काकू शांतपणे ‘पलंगाखाली हाय’ म्हणून मोकळ्या. गल्लीतल्या एका मुलीची चौकशी करायला वरपक्षाची माणसं आली, तेव्हा काकूंनी मुलगी गुणाची आहे, शिकलेली आहे, पण भाकर जाड करते, असं सांगितलं होतं. लग्न झालं, पण त्या मुलीच्या आईनं पुढं काकूंकडे साखर मागणं बंद केलं.

काकांची ‘येऊ का’ची सवय काकूंना अजिबात चालत नसे. बाहेरून आले की काका स्वतःच्या घराच्या उंबऱ्याबाहेर उभे राहून विचारत, आणि काकू कधी उत्तर देत नसत. सोताच्या घरी इचारता कायले, नाटकं सारी, असं पुटपुटत आपलं काम करत राहत. सुपारी संपली की काका आपले आपण आत येत. हे रोज.

त्यांचा सगळ्यात गाजलेला लेख लोण्याच्या गुहेवरचा. वणीकडच्या बाजूला जमिनीत चुनखडी आहे, तिथल्या एका टेकडीतली ती गुहा. नोकरीत असताना, पोट अजून शर्टात मावत होतं तेव्हा, काका तिथं जाऊन आले होते. आत एक खोली, आणि तिचं छत असं की कोणी ओंजळी भरभरून लोणी वर फेकावं आणि ते तिथंच राहावं. टोकाटोकाला पाण्याचा थेंब. तो लेख वाचून लोक निघाले. मोटारसायकली काढून, डबे बांधून, पोरंबाळं घेऊन गेले आणि अंगभर कुसळं घेऊन परत आले. वर्षानुवर्षं असंच चाललं. मग पुरवणीत एका वाचकाचं पत्र छापून आलं: अशी गुहा नाही, सदर लेखक घरी पंख्याखाली बसून गुहा पाडतात.

काका ते पत्र घेऊन नाचत माझ्याकडे आले. ‘येऊ का’ सुद्धा घाईत म्हणाले. थाप पास झाली म्हणून मला समोसे खाऊ घातले.

काकूंना मात्र ते लागलं. त्यात महागावला त्यांच्या भाचीचं लग्न निघालं. काकूंचा धाकटा भाऊ फुलसावंगीचा, शेती मोठी, आवाज त्याहून मोठा. पंगतीत त्यानं ते पत्र मोबाईलवर काढून मोठ्यानं वाचलं आणि भाऊजींची गुहा भाऊजींच्या डोक्यातच आहे, पोकळी तेवढीच मोठी आहे, असं म्हणून पंगत हसवली. काका स्वतः जिलबी खात हसत होते. काकू ताटावरून उठल्या.

दुसऱ्या दिवशी त्या माझ्या सेंटरवर आल्या. मागून काका. काकू थेट आत आल्या, काका पायरीखाली थांबले. काकूंनी विचारलं, “तू टाइप करतं न त्याहिचं? मंग तूच सांग. ते गुहा हाय का नाई?”

मी काकांकडे पाहिलं. काका तहसीलच्या पाटीकडे पाहायला लागले. शपथ मला होती, त्यामुळे मी म्हटलं, त्यांनाच विचारा. मग तिथंच, पायरीशी उभ्या उभ्या, काकांनी बायकोला एका थापेचा नियम सांगितला. लिंबं, खड्डे, ऑइल पेंट, सगळं सांगितलं. काकू ऐकत होत्या आणि त्यांचा चेहरा उतरत होता. इतकी वर्षं हा माणूस खोटं लिहून राहिला आणि मी त्याला भाकर अन् जवसाची चटणी बांधून देऊन राहिली, असं त्या मला म्हणाल्या, जणू काका तिथं नव्हतेच. मग त्यांच्याकडे वळल्या.

“जो एक खोटं लिहिते, तो सारं बी लिहू शकते. मले काय मालूम? दाखवा. पाह्यल्याबिगर मी मानत नाई.”

कोणी ‘दाखवा’ म्हणेल याची सवयच त्या माणसाला नव्हती. लोक पत्ता विचारत, सोबत यायचं कोणी म्हणत नसे. काका एकदम खुलले. पण त्या खुशीत एक भीतीही होती आणि ती मला दिसली. काकूंचा एखाद्या गोष्टीवरचा विश्वास उडाला की तो परत येत नसे. सख्ख्या चुलतबहिणीशी त्या एका खोट्यापायी बोलायच्या थांबल्या होत्या, त्या थांबल्याच.

माझ्या नवऱ्याची जुनी ओम्नी होती. मे महिन्यातला रविवार धरून मी दोघांना घेऊन निघाले. रस्ता इथं लिहिते, पण काकांच्या नियमानं. मारेगाव सोडलं, डाव्या हाताचा कच्चा रस्ता धरला, महादेवाच्या देवळापाशी गाडी लावली आणि टेकडी चढायला लागलो. यात एक गोष्ट खोटी आहे.

पहिला रविवार फुकट गेला. दुसऱ्या रविवारीही काका आत्मविश्वासानं पुढं, नाला डावीकडं ठेवायचा, मोठं मोहाचं झाड आलं की वर वळायचं, असं बोलत चाललेले. झाड आलं नाही. मग म्हणाले, नाला उजवीकडं असेल. मग उजवीकडं ठेवून चढलो. साग त्या दिवसांत पार उघडा असतो, सावली म्हणून नाही. दगड तापलेले. माझी तर बोलायची शक्ती गेली, आणि जे मला ओळखतात त्यांना कळेल म्हणजे ऊन काय असेल.

काका एका जागी थांबले आणि चारही बाजूंना पाहायला लागले. काकू त्यांच्याजवळ गेल्या.

“अवो, तुमी आठवून राह्यले का लिहिलेलं वाचून राह्यले?”

काकांचा घाम पुसायचा रुमाल हातातच राहिला. तेच झालं होतं. गेले होते ते कित्येक वर्षांपूर्वी, आणि लेख मात्र पुन्हा पुन्हा वाचला होता, लोकांना वाचून दाखवला होता. त्या लेखात कुठं तरी एक थाप होती. ती नाल्यात होती, झाडात होती की देवळात, हे ते स्वतः विसरून गेले होते. सगळ्या जिल्ह्याला चुकवणारा माणूस स्वतःच्याच थापेत अडकून उभा होता. एरवी मी पोट धरून हसले असते. पण काकांचं तोंड पाहून मला हसू आलं नाही.

“चाला घरी,” काकू म्हणाल्या. आवाजात राग नव्हता, तेच वाईट होतं.

काका म्हणाले, जरा बस, पाणी पी. काकू तशाच पलीकडं गेल्या, एका झुडपाआड मोठा दगड होता त्याच्या बोटभर सावलीत बसल्या, चपला काढल्या आणि पाय लांब केले. आम्ही दोघं इकडं उन्हात उभे. जरा वेळानं तिकडून आवाज आला.

“अवो, अठी कूलर कोनी लावला?”

काका असे धावले की मला त्यांच्या गुडघ्यांची काळजी वाटली. दगडाच्या मुळाशी पालापाचोळ्यानं झाकलेली एक फट होती आणि तिच्यातून गार हवा येत होती. काकूंच्या लुगड्याचा काठ त्या हवेनं हलत होता. काका गुडघ्यांवर बसले, पाला बाजूला केला, गाल फटीला लावला आणि डोळे मिटले. म्हणाले, हेच. याच हवेनं मी तेव्हा आत गेलतो. तेव्हा कुठं मला समजलं की गुहा श्वास घेते, हे त्यांनी जसं असतं तसंच लिहिलं होतं.

मग त्यांनी विचारलं, “येऊ का?” आवाज जरासा फुटला. सुपारी तोंडात टाकली. आम्हीही थांबलो. काकू पहिल्यांदाच नाटकं म्हणाल्या नाहीत.

सुपारी संपली. काकांनी दोन्ही हात पुढं केले, त्यांवर डोकं ठेवलं आणि शिरले. हात गेले, डोकं गेलं, खांदे गेले आणि पोटापाशी गाडी थांबली. पुढंही जाईना आणि मागंही येईना. आतून बारीक आवाजात सूचना यायला लागल्या: पाय धरा, वरून नका ओढू, मी श्वास सोडला की ओढा. एक पाय काकूंनी धरला, एक मी धरला. जन्मभर अडलेली वासरं ओढणारा माणूस आम्ही दोघींनी ओढून काढला. बाहेर आला तेव्हा शर्टाची बटणं आत राहिली होती. काकू मातीत बसून हसत होत्या. त्यांना इतकं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं.

काका म्हणाले, जाऊ दे, हाय हे तं पटलं न? चाला आता. काकू उठल्या, पदर खोचला, लुगड्याचा काचा घट्ट मारला. “भोक पाह्यलं. गुहा कोठी पाह्यली?” असं म्हणून त्यांनी काकांच्या कपाळावरची बॅटरी काढून स्वतःच्या कपाळाला बांधली. फटीसमोर वाकल्या, आणि मग माझ्याकडे न पाहता, जरा लाजून म्हणाल्या, “येऊ का वो?” सुपारी त्या खात नसत, म्हणून नुसत्याच थांबल्या.

त्या सापासारख्या सुळकन गेल्या. मागून मी. मला बंद जागेची भीती वाटते, लिफ्टमध्ये मी देवाचं नाव घेते. पण साठीची बाई आत गेल्यावर मी बाहेर बसले असते तर गावात तोंड दाखवायची सोय नव्हती. थोडं सरपटलो, मग उतार लागला, मग हात वर केला तर वर काही लागेना. काकूंनी कपाळावरची बॅटरी काढून वर धरली.

लोणीच होतं. पांढरं, गोळ्यागोळ्यांचं, ओलं, आणि टोकाटोकाला थेंब. बाहेर सगळं रान कोरडं ठक्क आणि इथं एकेक थेंब सावकाश भरत होता. काकू मान वर करून उभ्याच राहिल्या. बाहेरून काकांचा आवाज येत होता, बाळंतिणीच्या खोलीबाहेर नवऱ्याचा येतो तसा: उजव्या हाताले पाहा! दिसलं का? खाली पाय सांभाळजा! दिसलं का? काकूंनी भिंती पाहिल्या, कोपरे पाहिले, जमीन पाहिली. मग म्हणाल्या, “कोनाचं नाव नाई. लिंबू नाई. उदबत्तीची एक काडी नाई.”

थोड्या वेळानं त्यांनी बॅटरी बंद केली. मी मनात देवाचं नाव घेतलं. अंधारात थेंब पडल्याचे आवाज येत होते. काकू आपल्याशीच बोलल्यासारखं म्हणाल्या, “इतकं असून हा मानूस एकटाच पाहून आला.” आणि मग, “मीच कधी म्हटलं नाई न, दाखवा म्हून.” तो अंधार भयाण नव्हता, हे मी काकांच्या वतीनं नोंदवते.

बाहेर आलो तेव्हा काका फटीला तोंड लावून बसलेले. काकू नखशिखांत पांढऱ्या. काकांनी विचारलं, कशी हाय? लेखासारखी हाय?

“लेखाहून बरी हाय,” काकू म्हणाल्या.

लिहिणाऱ्या माणसाला याहून मोठा मान नाही आणि याहून मोठा अपमानही नाही. काका परतीच्या वाटेवर अर्धा वेळ खूश होते आणि अर्धा वेळ फुगलेले.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी काकूंचा भाऊ कुठल्याशा कामानं पांढरकवड्याला आला आणि बहिणीकडे चहाला थांबला. मी प्रूफ द्यायला गेले होते, म्हणून मी हे सगळं माझ्या कानांनी ऐकलं. बहीण गुहा पाहून आली, हे त्याला कळलंच होतं. तो सरसावून बसला. म्हणाला, “बाई, तू खोटं बोलत नाई, हे साऱ्या गावाले मालूम हाय. तू सांग कोठी हाय ते. मी जातो, फोटो काढतो, अन् त्याच पंगतीतल्या लोकाइले दाखवतो. भाऊजींची माफी मागतो, बस?”

काका चहाची बशी तोंडाशी नेत होते, ती तिथंच थांबली. एका पत्त्यात सगळं परत मिळत होतं: नवऱ्याची अब्रू, पंगतीतला मान, आणि भावाची माफी. काकूंना खरं सांगण्यावाचून दुसरं येत नव्हतं, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. काकांनी माझ्याकडे पाहिलं. मी प्रूफाकडे पाहिलं.

काकू भावाच्या कपात चहा ओतत होत्या. धार जराही हलली नाही.

“वनीच्या अलीकडं उतरजो,” त्या म्हणाल्या. “मारोतीचं देऊळ लागते. तठून उजव्या हाताले जाजो, मोठं चिंचेचं झाड हाय, त्याच्या बुडाशीच.”

भावानं ते मोबाईलवर बोलून घेतलं. पुढं तो खरंच गेला, चार मित्र घेऊन गेला, आणि कुसळं घेऊन आला. नवरा थापाड्या होताच, आता बाईलाही लागण झाली, असं त्यानं फुलसावंगीपासून महागावच्या बाजारापर्यंत सांगितलं. काकूंच्या कानावर ते आलं आणि त्यांनी ऐकून घेतलं. जन्मभर जपलेलं एवढं एक नाव त्यांनी त्या भोकासाठी घालवलं.

पण ते नंतरचं. त्या दुपारी काका भावाला फाटकापर्यंत सोडायला गेले. परत आले आणि नेहमीसारखे उंबऱ्याबाहेर उभे राहिले.

“येऊ का?”

मी काकूंकडे पाहिलं. त्या कपबश्या विसळत होत्या. मागं न वळता म्हणाल्या, “या.”

सुपारी खिशातच राहिली. काका आत आले, काकूंच्या मागं जाऊन उभे राहिले आणि आवाज बारीक करून म्हणाले, “देऊळ, हात, झाड. तीन झाल्या वो. एक पुरते.”

काकूंनी कप पालथा घातला.

“पयल्यांदाच करून राह्यली,” त्या म्हणाल्या. “अंदाज नाई आला.”